वादग्रस्त छायाचित्रकार शृंगारपट करायला घेतो तेव्हा नेमकं काय होतं?

देवगिरीची_पायवाट

मंडळी, संभाजीनगरातल्या आमच्या छोट्या फिल्म क्लबात पुढच्या महिन्यात या विषयावर बोलायचं ठरलंय. त्याआधी इथं मोकळेपणानं चर्चा व्हावी म्हणून धागा काढतेय.

उघड्या शरीराचे फोटो काढून ज्यांनी नाव आणि शिव्या दोन्ही कमावल्या, असे काही छायाचित्रकार पुढे सिनेमाकडे वळले आणि थेट शृंगारपटच करायला बसले. सगळ्यात गाजलेलं नाव ज्युस्त जेकँ. फ्रान्सचा फॅशन छायाचित्रकार, मूर्तिकामही करायचा. १९७४ मध्ये त्यानं 'इमॅन्युएल' केला. तो त्याचा पहिलाच मोठा चित्रपट. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावरच्या एका थिएटरात तो दहा वर्षांहून जास्त चालला. पुढच्याच वर्षी दुसरा भाग आला, तो केला फ्रान्सिस जियाकोबेटीनं. तोही छायाचित्रकार, पिरेली या टायर कंपनीच्या कॅलेंडरचे फोटो काढलेला. असल्या सिनेमाला कॅमेरावाला माणूसच हवा, हे निर्मात्यांनी तेव्हाच ताडलं असावं.

आता माझा मुद्दा. त्या चित्रपटातलं आज लोकांना काय आठवतं? वेताच्या उंच पाठीच्या खुर्चीत बसलेली नायिका, सिल्व्हिया क्रिस्टेल. एवढ्या मोठ्या सिनेमातून मागे उरला एक फोटो! मला हे खटकतं. छायाचित्रकाराला शरीर कळतं, उजेड कळतो. पण समोरच्या माणसाला काय हवंय हे दाखवायला वेळ द्यावा लागतो आणि तिथं हे लोक कमी पडतात असं मला वाटतं. तरी हा प्रवास मोलाचा आहे आणि आपल्याकडं कुणीतरी तो करायला हवा असंही वाटतं. तुम्हाला काय वाटतं?

संपादक मंडळ

धागा राहू देतोय. चर्चा प्रौढ कलाकारांच्या प्रौढांसाठीच्या कामाबद्दलच ठेवा. चित्रफितींचे दुवे देऊ नका.

शटर_नांदेड

ताई, मी लग्नाचे आणि मॉडेलिंगचे फोटो काढतो, शॉर्टफिल्मचा कॅमेराही केलाय. कामाच्या अंगानं सांगतो.

फोटोत आपण काय करतो? हनुवटी जरा खाली, खांदा पुढं, पोट आत, श्वास रोख. क्लिक. श्वास रोखलेलं शरीर सुंदर दिसतं, कारण ते त्या क्षणापुरतं आपलं ऐकतं. सिनेमात माणसाला श्वास घ्यावाच लागतो. पोट हलतं, मान वळते, केस तोंडावर येतात आणि आपण तासभर खपून लावलेला उजेड दोन पावलांत मागं पडतो.

दुसरं, फ्लॅश घाम, हालचाल सगळं जागच्या जागी गोठवतो. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमनी चालतो, शटर साधारण १/४८ वर असतं, त्यामुळे हलणारी प्रत्येक गोष्ट थोडी पुसट होणारच. फोटोवाल्याला ती पुसटाई चूक वाटते. मग तो काय करतो? कलाकाराला हलूच देत नाही. खिडकीपाशी उभं करतो, पडदा हलवतो, धूर सोडतो, वर संगीत टाकतो. त्या काळातला तो सगळा धुरकट मऊपणा, फिल्टरला व्हॅसलिन लाव, लेन्सवर पायमोज्याची जाळी ताण, हे सगळं फोटो स्टुडिओतून उचललेलं आहे. दिसायला छान. पण दहाव्या मिनिटाला डोळे पेंगतात.

तेव्हा ताईंच्या मताशी सहमत. फक्त 'कमी पडतात' असं सरसकट म्हणू नका. काहीजण शिकतात.

माजलगावकर

समदं खरं हाय, पण मला एक सांगा. आमच्याकडं आठवी-नववीच्या लेकरांच्या मोबाईलात काय काय येतंय ते एकदा बगा. मायबाप रानात, लेकरू घरात एकटं. त्यात आनखी कलेच्या नावाखाली हे कामून पायजे? मी पिक्चरचा दुश्मन नाय. पण शरीर उघडं करायचं आन् वर कला म्हनायचं, हे मला पटत नाय.

तेरणाकाठ

माजलगावकर दादा, तुमची काळजी खोटी नाही. पण शरीर बघणं आपल्याकडं परकं कधीच नव्हतं. औंढ्याला नागनाथाच्या देवळाची बाहेरची भिंत बघा. निलंग्याचं नीलकंठेश्वर, भूम तालुक्यातलं माणकेश्वर, देगलूरजवळचं होट्टल, भोकरदनकडं अन्व्याचं देऊळ. सगळीकडं सुरसुंदरी आहेत. कुणी आरसा धरलाय, कुणी पायातला काटा काढतेय, कुणी पत्र लिहितेय. आपल्या आज्या-पणज्या त्याच देवळांत अभिषेकाला जायच्या. त्यांना कधी मान खाली घालावी लागली नाही.

वेरूळची_लेक

@तेरणाकाठ, यादी छानच आहे आणि होट्टलला जास्त लोकांनी जावं ही माझीही इच्छा आहे. पण 'देवळावर आहे ना' हा युक्तिवाद अर्ध्यावरच थांबतो. मूर्तीतली बाई कुणाची मुलगी नाही, तिला उद्या बाजारात कुणी ओळखणार नाही. पडद्यावरच्या बाईला ओळखतात. एवढा मोठा फरक बाजूला ठेवून बोलायला नको.

मला त्या शिल्पांतून वेगळी गोष्ट शिकायला मिळते. वेरूळच्या २१व्या लेण्यात, रामेश्वरात, ओसरीच्या खांबांवर शालभंजिका, म्हणजे झाडाची फांदी धरून उभ्या बायका, आहेत. समोर उभं राहून फोटो काढला की नुसती कमनीय बाई दिसते. चालत गेलं की आधी कंबर दिसते, मग वर गेलेला हात, मग फांदी, आणि शेवटी चेहरा. चेहरा खाली, आपल्याकडं वळलेला असतो. म्हणजे आपण तिला बघत आलो आणि शेवटी ती आपल्याला बघतेय. कारागिरानं बघणाऱ्याला चालायला लावलंय. प्रदक्षिणेतही तेच घडतं. अजिंठ्याच्या १७व्या लेण्यात शृंगार करणारी राजकन्या आहे, तिथंही भिंतीच्या कडेनं सरकत बघावं लागतं. म्हणून मला वाटतं, सिनेमा करणाऱ्या छायाचित्रकारानं या लेण्यांत कॅमेरा घरी ठेवून नुसतं फिरावं.

परभणी_लोकल

वेरूळच्या ताईंना +१. आता सिनेमाबद्दल दोन शब्द.

देवगिरीताई, तुमची दोन्ही उदाहरणं फ्रान्समधली आणि पुरुषांची. सॅम टेलर-जॉन्सनला धरा. मूळची छायाचित्रकार आणि व्हिडिओ कलाकार. २००४ मध्ये लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीसाठी तिनं फुटबॉलपटू डेव्हिड बेकहॅमचा व्हिडिओ केला. तासाभराहून जास्त वेळ तो फक्त झोपलेला दिसतो. एकच शॉट. कपडे, हावभाव, काही नाही, आणि तरी इतकं जवळचं की बघताना आपण कुणाच्या तरी खोलीत विचारल्याशिवाय शिरलोय असं वाटतं. त्याच बाईनं २०१५ मध्ये 'फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे' केला. आपल्याकडं सेन्सॉरनं त्याला प्रमाणपत्रच दिलं नाही. जगभर गल्ला प्रचंड जमला, पण मूळ कादंबरीच्या लेखिकेशी तिचे मतभेद झाले आणि पुढचे भाग तिनं केले नाहीत. झोपलेला माणूस दाखवताना तिच्यावर कुणाचा दाब नव्हता. कोट्यवधींच्या सिनेमात होता. तेव्हा छायाचित्रकार कमी पडतो की पैसा त्याला कमी पाडतो, हेही बघायला हवं.

दुसरं नाव मिका निनागावा, जपानची. भडक रंगांच्या फुलांचे आणि माशांचे फोटो काढणारी. तिचा 'साकुरान' हा पहिला चित्रपट जुन्या तोक्योतल्या योशिवारा या वेश्यावस्तीतला. मखर तिचंच, भडक आणि सजवलेलं, पण मधे बसलेली बाई चिडते, भांडते, पळून जाते. फोटोतली बाई पळून जाऊ शकत नाही, सिनेमातली जाऊ शकते. मला तर हाच या प्रवासाचा सगळ्यात मोठा फायदा वाटतो.

आणि ज्या 'इमॅन्युएल'वरून धागा सुरू झाला, तो २०२४ मध्ये ऑद्रे दिवाँ या बाईनं नव्यानं केला. त्यात कथा नायिकेच्या स्वतःच्या इच्छेभोवती फिरवली आहे. मूळ चित्रपटात थायलंडमधला एक बलात्काराचा प्रसंग आहे, तो जणू नायिकेच्या शिक्षणाचा भाग असल्यासारखा चित्रित केलाय. त्यावर टीका होत आलीय आणि ती योग्यच आहे. सुंदर उजेडात दाखवला म्हणून अत्याचार शृंगार होत नाही.

अवांतर: जुन्या लोकांना आठवत असेल, आपल्याकडच्या टॉकीजमध्ये मॉर्निंग शोला इंग्रजी नावाचे पिक्चर लागायचे आणि मधेच कुठल्यातरी भलत्याच पिक्चरचा तुकडा जोडलेला असायचा. पोस्टरवर काळी पट्टी. कित्येक चांगले दिग्दर्शक आपल्या भागाला त्या तुकड्यांतूनच माहीत झाले. एका पिढीनं हा सगळा प्रकार चोरून, अर्धवट आणि अपराधी मनानं पाहिला. आज उघड बोलताना आपला आवाज खाली जातो तो त्यामुळेच.

बैठकीची_चाहती

उघड्या शरीराशिवाय शृंगार होतच नाही असं सगळे धरून का चाललेत? बैठकीची लावणी बघा. यमुनाबाई वाईकर, सत्यभामाबाई पंढरपूरकर बसून अदा करायच्या. नऊवारीत, डोक्यावर पदर. भुवई, बोटं आणि एक ओळ पुन्हा पुन्हा वेगवेगळ्या अर्थानं. एका ओळीवर बराच वेळ जायचा आणि दर वेळी ती नवी वाटायची. धाराशिव, बीडकडच्या कलाकेंद्रांत आजही अशा बाया आहेत. त्यांच्यापुढं कॅमेरा लावायचा तर तो किती जवळ न्यायचा आणि किती वेळ थांबायचं, एवढंच शिकावं लागेल.

शटर_नांदेड

@बैठकीची_चाहती, एकदम मान्य. पण एक अडचण सांगतो. आजकाल लावणीचा व्हिडिओ काढणारे कॅमेरा कमरेवरून हलवतच नाहीत. अदा चेहऱ्यावर चाललेली असते आणि फ्रेममध्ये चेहराच नसतो.

बैठकीची_चाहती

हो ना! आणि मग लोक लावणीलाच नावं ठेवतात.

खंडपीठ_वकील

कायद्याचा भाग थोडक्यात सांगतो, कारण छायाचित्रकार सिनेमाकडे वळला की त्याच्यासाठी सगळ्यात आधी बदलतो तो कायदा.

फोटो भिंतीवर लावायला कुणाचं आगाऊ प्रमाणपत्र लागत नाही. तक्रार झाली तर नंतर खटला. मिलिंद सोमण आणि मधू सप्रे या मॉडेल्सची १९९५ मधली बुटांची नग्न जाहिरात आठवा. छायाचित्रकार प्रबुद्ध दासगुप्ता होते. खटला चालला, निर्दोष सुटका झाली २००९ मध्ये. चौदा वर्षं! सिनेमाचं उलट आहे. थिएटरात दाखवायचा तर १९५२ च्या कायद्यानं प्रमाणपत्र आधी. दिग्दर्शक के. ए. अब्बास यांनी याला आव्हान दिलं होतं. १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पूर्वतपासणी वैध ठरवली, चलच्चित्राचा परिणाम जास्त खोल होतो हे कारण देऊन. प्रमाणपत्राविरुद्ध दाद मागायला एक अपील न्यायाधिकरण होतं, ते २०२१ मध्ये गेलं. आता थेट उच्च न्यायालय. नांदेड-लातूरच्या एखाद्या नवख्या दिग्दर्शकाला हा खर्च झेपेल का, याचा विचार करा.

अश्लीलतेची कसोटी मात्र बदलली आहे. १९६४ च्या रणजित उदेशी खटल्यात जुनी इंग्रजी हिक्लिन कसोटी लावली होती. एखादा उतारा कुणातरी दुबळ्या मनाला बिघडवेल का, एवढंच त्यात बघायचं. २०१४ मध्ये अवीक सरकार खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ती बाजूला ठेवली. आता पूर्ण कृती, तिचा संदर्भ आणि आजच्या समाजाची मापं बघायची. नुसती नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे. २०२४ च्या ऑक्टोबरात मुंबई उच्च न्यायालयानं कस्टमनं अडवलेली सूझा आणि पदमसी या चित्रकारांची चित्रं सोडायला लावली, तीही याच वाटेनं.

तेरणाकाठ, तुमच्या देवळांसाठी एक गोष्ट: भारतीय न्याय संहितेच्या कलम २९४ मध्ये (म्हणजे जुनं २९२) प्राचीन स्मारकं आणि देवळांवरच्या शिल्पांना स्पष्ट सूट आहे. सिनेमाला तशी आपोआप नाही. इंटरनेटवर टाकलं तर माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७ आणि ६७अ लागू शकतं, आणि ६७अ मध्ये पहिल्याच गुन्ह्याला पाच वर्षांपर्यंत कैद आहे. नवोदितांनी हे वाचूनच पुढं जावं.

तेरणाकाठ

वकीलसाहेब, र. धों. कर्व्यांचं नाव राहिलं. १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' हे मासिक काढलं, मुखपृष्ठावर नग्न स्त्रीचं चित्र. लोकांनी त्यांना काय काय म्हटलं. आणि १९३४ मध्ये त्यांचा खटला लढवायला उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. खटला हरले, पण उभे राहिले. आपल्या शहरात त्यांच्या नावाचं विद्यापीठ आहे, मिलिंद महाविद्यालय आहे. ही गोष्ट तिथल्या प्रत्येक पोरापोरीला माहीत असायला हवी.

खंडपीठ_वकील

अगदी. आणि बाबासाहेबांचा तिथला आग्रह असा होता की लैंगिक प्रश्नांवर लिहिणं म्हणजे अश्लील लिहिणं नव्हे. आमच्या वकिलांच्या बारमध्ये आजही याची आठवण निघते.

मीरा_वाळूज

इतका वेळ वाचत होते. आता लिहिते.

मी नाटकात काम करते, काही शॉर्टफिल्म केल्यात. एका दिग्दर्शकानं (तो आधी फोटोग्राफर होता, नाव लिहिणार नाही) मला जवळिकीचा प्रसंग कागदावर दिला तो एक, आणि सेटवर सांगितला तो दुसरा. 'ओघात होऊ दे, खरं वाटेल' म्हणाला. मी नाही म्हटलं. शूटिंग थांबलं आणि सगळ्या युनिटनं माझ्याकडं असं बघितलं की नुकसान मीच केलंय. फोटोच्या सेटवर ही सवय लागते. तिथं दोघंच असतात, बोलत बोलत एक-एक पायरी पुढं जायचं आणि चांगला फोटो मिळाला की सगळं माफ. सिनेमात ही सवय घेऊन येऊ नका.

जपानचा अराकी एवढा मोठा छायाचित्रकार. त्याच्याबरोबर वर्षानुवर्षं काम केलेल्या काओरी या मॉडेलनं २०१८ मध्ये जाहीर लिहिलं की करार कधी नव्हता आणि तिचे फोटो तिला न विचारता वापरले गेले. जग त्या फोटोंना महान म्हणत होतं. ते लिहिलेलं वाचल्यावर मला ते फोटो पुन्हा बघवले नाहीत.

आता हे सुधारता येतं. प्रसंग हालचालीनिशी लिहून ठेवायचा. कुठं हात लागेल, कुठं लागणार नाही, काय दिसेल, हे आधी ठरवायचं. सेटवर गरजेपुरतीच माणसं, मॉनिटर झाकलेला. कलाकारानं थांब म्हटलं की कॅमेरा बंद. आपल्याकडं २०२२ च्या 'गहराइयां'त दार गाय या दिग्दर्शिकेला खास या प्रसंगांसाठी नेमलं होतं. मारामारीला फाइट मास्टर लागतो हे सगळ्यांना पटतं, मग याला माणूस लागतो हे का पटू नये?

देवगिरीताई, तुमच्या क्लबात उजेड, लेन्स, सेन्सॉर सगळ्यावर बोला. पण समोरच्या बाईला विचारलं होतं का, हा प्रश्न पहिला ठेवा.

वेरूळची_लेक

मीरा, तू नाही म्हणालीस हे फार चांगलं केलंस. धाग्यातला सगळ्यात महत्त्वाचा प्रतिसाद.

स्टुडिओवाले_चाचा

मीरा बेटी, तुझं लिखाण वाचून राहवलं नाही. शहरात आमचा फोटो स्टुडिओ होता, वडिलांपासूनचा. काचेच्या निगेटिव्हवर पेन्सिलनं रिटच करायचं काम मी त्यांच्याकडून शिकलो. पडदा पाळणाऱ्या बायका फोटोला यायच्या. वडील सगळ्यांना बाहेर काढायचे, बाईंची माणसं आत थांबायची. फोटो धुऊन झाला की प्रिंटसोबत निगेटिव्हही त्यांच्या हातात द्यायचे. आमच्याकडं एकही ठेवायचे नाहीत. म्हणायचे, सूरत उनकी है, अमानत है. त्यातले काही चेहरे असे होते की शोकेसमध्ये लावले असते तर दुकानासमोर रांग लागली असती. लावले नाहीत.

आता कॅमेऱ्यात निगेटिव्ह नाही, सगळं मेमरी कार्डात आणि तिथून कुठं कुठं. म्हणून जुना नियम जास्त लागतो, कमी नाही. काम कुठं कुठं दाखवणार ते आधी लिहून द्या, आणि न वापरलेलं शूटिंग कलाकारासमोर पुसा.

माजलगावकर

चाचा, तुमच्या वडिलांना माझा सलाम. असं चालनार असंल तर माझा विरोध मोठ्या मानसांच्या पिक्चरला नाय. माझी अट एकच. ए लिहिलं की ए पाळा. आमच्या तालुक्याच्या टॉकीजला दारावर कुनीच वय इचारत नाय, तिकीट फाडलं की आत. आन् मोबाईलवर तर दारच नाय. ते दार आधी बसवा, मग कला.

परभणी_लोकल

माजलगावकर दादांचं हे म्हणणं गंभीरपणे घ्यायला हवं. २०१६ मध्ये श्याम बेनेगल समितीनं प्रमाणपत्राचे जास्त वर्ग करा असं सुचवलं होतं, ए च्या पुढं 'सावध प्रौढ' असा एक वर्गही. सरकारनं पुढं यूए मध्ये ७, १३, १६ असे वयोगट केले, पण तो वरचा वर्ग आला नाही. तो असता तर कापाकापीची गरज बरीच कमी झाली असती.

सातवाहन_पैठण

उशिरा आलो, माफ करा. निवृत्त शिक्षक आहे, प्राकृत हा आवडीचा विषय.

सगळे फ्रान्स-जपान फिरून आले, आता जरा पैठणला या. हाल या सातवाहन राजाची गाथासप्तशती याच गोदाकाठची. सातशे गाथा, महाराष्ट्री प्राकृतात, आणि त्यातल्या फार मोठ्या भागात बोलणारी बाई आहे. ती रुसते, बोलावते, टाळते, सासूला चकवते, मैत्रिणीला सल्ला देते. दरबारातली राणी नव्हे, गावातली, शेतातली बाई. तिला काय हवंय हे ती स्वतः सांगते. देवगिरीताई म्हणतात ती उणीव आपल्याच मातीत दोन हजार वर्षांपूर्वी भरून काढलेली आहे.

एक गाथा सांगतो, दुसऱ्या शतकातली. तहानलेला वाटसरू पाणपोईवर आला. ओंजळ तोंडाशी धरली, पण नजर वर, पाणी वाढणारीकडं. पाणी लवकर संपू नये म्हणून त्यानं बोटं फाकवली, ओंजळीतून पाणी गळू लागलं. तिच्या ते लक्षात आलं. तिनं काय केलं? झारीची धार अजून बारीक केली. बस, एवढीच गाथा.

स्पर्श नाही, कपडा सरकलेला नाही, दोघंही एक अक्षर बोलत नाहीत. पण दोघांनी मिळून वेळ लांबवलाय, आणि दोघांना ते कळलंय. बोटांचा फोटो काढता येईल, धारेचा काढता येईल. धार बारीक होणं फोटोत येणार नाही. ते सिनेमाचंच काम.

('दुसऱ्या शतकातली' म्हणजे काळ नव्हे बरं. या संग्रहात शंभर-शंभर गाथांचे गट आहेत, त्यांना शतक म्हणतात.)

देवगिरीची_पायवाट

सर, ही गाथा वाचून मी खुर्चीतून उठले. मला जे सांगता येत नव्हतं ते हेच. वाटसरू बघतोय हे कुठल्याही फोटोवाल्याला दाखवता येईल. ती धार बारीक करते तेव्हा ती फक्त बघितली जाणारी राहत नाही. जेकँच्या खुर्चीतल्या बाईला कुणी अशी झारी हातात दिलीच नाही. निनागावाची बाई पळून जाते तेव्हा तेच करते. क्लबात मी हीच गाथा मध्ये ठेवणार.

हिंगोलीचा_कॅमेरा

नमस्कार सर्वांना. मी इथं फक्त वाचायचो. मी मॉडेल फोटोग्राफी करतो, माझ्या काही फोटोंवरून गावात बोंबाबोंब झाली होती, आणि हो, मला सिनेमा करायचाच आहे. आजवर शूटिंगची जी कल्पना डोक्यात होती ती धूर, पडदा, खिडकी अशीच होती, शटरदादांनी वर लिहिली तशी. आता ही पाणपोई करावी वाटतेय. सर, काका, दादा, ताई, हे करता येईल का? पैसे फारसे नाहीत.

शटर_नांदेड

येईल की. दुपारी एकनंतर सावलीत शूट कर, उन्हाचा परावर्तित उजेड फुकट मिळतो. पांढरं थर्माकोल घे. पाण्याची धार मागून उजेड आल्याशिवाय दिसणार नाही, तेवढं जप. आणि धार बारीक होताना कट मारू नको, एकाच शॉटमध्ये होऊ दे. माझा कॅमेरा वापर, भाडं नको.

खंडपीठ_वकील

ही कथा असेल तर तुला यू प्रमाणपत्रसुद्धा मिळेल! महोत्सवात प्रमाणपत्राशिवाय दाखवायचा असेल तर आयोजकांना मंत्रालयाची सूट घ्यावी लागते, ते त्यांना आधीच विचार. कलाकारांच्या कराराचा मसुदा मी करून देतो. चाचांची पुसण्याची अट त्यात घालतो.

माजलगावकर

ह्यो पिक्चर मी लेकीला घेऊन बगीन.

बैठकीची_चाहती

पण सगळेच पाणपोईवर थांबू नका हं. नाहीतर उद्या म्हणतील शृंगार म्हणजे फक्त पाणी पिणं. उघड्या शरीराचा सिनेमाही कुणीतरी प्रामाणिकपणे करायला हवा. रवी जाधवांच्या 'न्यूड'ला २०१७ मध्ये गोव्याच्या महोत्सवातून ऐनवेळी काढलं, तरी २०१८ मध्ये तो थिएटरात आला आणि कुणाचं काही बिघडलं नाही. त्यात तर चित्रकला महाविद्यालयात मॉडेल म्हणून बसणाऱ्या बाईचीच गोष्ट आहे.

वेरूळची_लेक

हे बरोबर आहे. हिंगोलीच्या दादा, पहिला सिनेमा पाणपोईचा कर, पण तुझ्या फोटोंतलं शरीर सोडून देऊ नको. ज्यावरून बोंब झाली तेच नीट करून दाखव.

मीरा_वाळूज

@हिंगोलीचा_कॅमेरा, पाणी वाढणारीचं काम करायला मी तयार आहे. दोन अटी. धार कधी बारीक करायची ते मी ठरवणार, तू 'आता कर' असं ओरडायचं नाही. आणि वाटसरूच्या कामाला कोण आहे ते मला आधी भेटव.

हिंगोलीचा_कॅमेरा

ताई, दोन्ही मान्य. वाटसरूसाठी परभणीच्या नाटकातला एकजण डोक्यात आहे. रविवारी पैठणला घाट बघायला जातोय, सर येणार आहेत. तुम्हाला जमेल का? त्यालाही तिथंच बोलावतो.